हसविणाऱ्याच्या शेजारचा माणूस



या व्यासपीठावर चार दिवस विद्वानांची भाषणे झाली. आज चालकांनी आमच्यासारख्या कामगार चळवळीतल्या माणसाला उभे केले आहे. आमची शाळा नववीत सुटली. पुढची विद्या आम्ही रात्रपाळीत आणि वाचनालयाच्या बाकावर मिळविली. विषय छापून आल्यावर एका स्नेह्यांनी विचारले, "अहो, बोनस आणि ग्रॅच्युइटी सोडून हे अमेरिकेच्या रेडिओचे खूळ कुठून काढलेत?" आमचे म्हणणे एवढेच की, जिथे काम आहे तिथे कामगार आहे, मग ते काम नुसत्या आवाजाचे का असेना.

तो काळ 1930 ते 1950 या वीस वर्षांचा. अमेरिकेत नभोवाणी सरकारची नव्हती, व्यापाऱ्याच्या पैशावर चाले. कार्यक्रम साबणवाल्याचा, मेणवाल्याचा, सिगारेटवाल्याचा. विनोदी नट लोकांना हसवी, आणि त्याच्या शेजारी एक माणूस उभा राहून माल विकी. तो निवेदक. त्याने सुरुवात करायची, मालकाचे नाव घ्यायचे, नटाला पुढे आणायचे, मध्ये जाहिरात सांगायची आणि शेवटी निरोप घ्यायचा; सारे घड्याळाच्या काट्यावर. अर्ध्या तासाचा कार्यक्रम दहा सेकंद लांबला तर ती चूक सगळ्या देशाला कळे.

आज आम्ही अशा एकाच माणसाविषयी बोलणार आहोत. त्याचे नाव डॉन विल्सन. जन्म 1900 सालचा, नेब्रास्का राज्यातला. आधी गाणारा, मग खेळांचे वर्णन करणारा. 1934 साली तो जॅक बेनी या विनोदी नटाच्या कार्यक्रमात आला आणि 1965 साली बेनीचा दूरचित्रवाणीवरचा कार्यक्रम संपेपर्यंत तिथेच राहिला. एका माणसाशेजारी तीस वर्षांहून अधिक नोकरी! आमच्या गिरणीतसुद्धा इतकी कोणाची झाली नाही.

बेनीच्या विनोदाची घडण मोठी विलक्षण होती. कार्यक्रमाचा धनी बेनी हाच चिक्कू, हाच बढाईखोर, आणि वय कायमचे एकोणचाळीस! टोले मारायचे ते नोकराने, गायकाने, निवेदकाने. हशा कोणाच्या वाक्याला मिळाला याचा हिशेब त्याने ठेवला नाही; कार्यक्रमाला मिळाला म्हणजे झाले. मालकाने भांडवल वाटल्याचे आम्ही पाहिलेले नाही. पण या गृहस्थाने हशा वाटला. हेही थोडके नव्हे.

विल्सनचे काम मात्र दुधारी होते. रविवारी संध्याकाळी सात वाजता तो जेल-ओ नावाच्या जेलीचे सहा स्वाद असे घोळून सांगे की, ऐकणाऱ्याच्या तोंडाला पाणी सुटावे. जाहिरात आली की लोक उठून जातात, हे व्यापाऱ्याला ठाऊक होते. म्हणून जाहिरातच विनोदात विणली. विल्सन उत्साहाने मालाचे गुण गाऊ लागे, बेनी वैतागे, आणि त्या वैतागात माल खपे. पुढे तर विल्सन चार गवयांचा ताफा घेऊन येई आणि बेनी कपाळाला हात लावी. महायुद्धात साखरेची टंचाई झाली, तेव्हा 1942 साली कंपनीने जेली बाजूला ठेवून न्याहारीच्या धान्याची जाहिरात सुरू केली. 1944 साली सिगारेट कंपनी आली. आवाज तोच, माल बदलला.

इथे आम्ही थोडे थांबतो. ज्या आवाजावर घरोघरी विश्वास बसला, त्यानेच सिगारेट विकली. 1964 साली अमेरिकेच्या सरकारी वैद्यकीय अहवालाने धूम्रपानाचा कर्करोगाशी असलेला संबंध स्पष्ट सांगितला आणि 1971 पासून तिथे रेडिओ-दूरचित्रवाणीवर या जाहिराती बंद झाल्या. विल्सनला दोष द्यावा काय? दारूगोळ्याच्या कारखान्यातल्या फिटरला द्यावा तितकाच, असे आम्ही म्हणू. पण तितका द्यावा. पोटासाठी केले म्हणून हिशेब पुसला जात नाही.

दुसरी गोष्ट त्याच्या देहाची. विल्सन उंच, धिप्पाड. त्याच्या पोटावर दर आठवड्याला विनोद होई, आणि रेडिओवर तो दिसत नसल्याने ऐकणाऱ्याच्या मनात ते पोट वाढतच जाई. त्यावर त्याचे ते खोल, गडगडाटी हसू ऐकू येई. आम्ही जुनी ध्वनिमुद्रणे ऐकतो तेव्हा मनात येते, हे हसू मनापासून होते की पगारापोटी? उत्तर सापडत नाही. पण 1950 सालचा एक प्रसंग ऐका. ड्रू पिअर्सन नावाच्या पत्रकाराचे नाव घेताना विल्सनची जीभ अडखळली आणि 'ड्रिअर पूसन' असे काहीतरी बाहेर पडले. दुसरीकडे अशा चुकीला दंड झाला असता. इथे लेखकांनी कार्यक्रम चालू असतानाच, बेनीला न सांगता, पुढच्या एका नटाच्या तोंडी तेच चुकीचे नाव घातले. बेनीला हसू आवरेना! कामगाराची चूक सगळ्यांनी मिळून पोटात घातली. चांगल्या खात्याची खूण हीच.

पण मंडळी, चांगला मालक हा नशिबाचा भाग आहे. ज्यांना बेनी भेटला नाही त्यांनी काय करायचे? त्यांच्यासाठी 1937 साली रेडिओ कलावंतांची संघटना उभी राहिली. तिचा पहिला अध्यक्ष एडी कँटर, म्हणजे स्वतः मोठा विनोदी नट. त्याला संघटनेवाचून काही अडले नव्हते. तरी तो उभा राहिला. 1938 साली मोठ्या नभोवाणी कंपन्यांशी देशभराचा पहिला करार झाला. नाव नसलेल्या निवेदकाच्या मजुरीला तळ मिळाला. मग दूरचित्रवाणी आली. 1953 साली 'फिबर मॅगी अँड मॉली' हा गाजलेला कार्यक्रम पंधरा मिनिटांवर आला. वाद्यवृंद गेला, समोरचे प्रेक्षकही गेले. विल्सन तरला, कारण बेनी तरला. बाकीच्यांना आधार होता तो संघटनेचाच.

आमच्या युनियनमधला एक हेल्पर सुट्टीच्या दिवशी रिक्षावर कर्णा लावून दुकानांच्या जाहिराती सांगे. आवाज खणखणीत. एका व्यापाऱ्याने त्याचा आवाज एका संध्याकाळी टेप करून घेतला, दोनशे रुपये दिले, आणि दोन दिवाळ्या तीच टेप गावभर फिरविली. तो बिचारा रस्त्याच्या कडेला उभा राहून स्वतःचाच आवाज ऐके आणि म्हणे, "साहेब, मी कामावर आहे, पण हजेरी लागत नाही!" आम्ही बोलायला गेलो, तर त्याच्या हातात कागद नव्हता. रिकाम्या हाताने परतलो. तेव्हापासून हा विषय आमच्या डोक्यात आहे.

आता तर टेपचीही गरज उरली नाही. माणसाच्या आवाजाचा नमुना घेऊन यंत्र त्याच आवाजात न बोललेले बोलते. याच प्रश्नासाठी, इतर मागण्यांबरोबर, 2023 साली अमेरिकेतील नटांनी 118 दिवस संप केला, आणि संमती व मोबदला यांची कलमे करारात घातली. ती संघटना म्हणजे 1937 सालच्या त्या रोपट्याचीच फांदी, पुढे नटांच्या संघटनेशी एक झालेली.

डॉन विल्सन 1982 साली वारला. त्याचे हसू अजून ऐकू येते. ते ऐकताना आम्हांला वाटते, विनोद एकट्याचा कधीच नसतो. शेजारी कोणीतरी उभा असतो. उद्या आपण कोणाचा आवाज ऐकून हसलात, तर एवढेच विचारा की, त्याची हजेरी लागली आहे काय?