नावाचा अर्थ कुणाला विचारायचा?

(कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



घरात बारसं ठरलं की एक छोटं पुस्तक हातोहात फिरायला लागतं. डावीकडे नाव, उजवीकडे अर्थ. भाचीच्या मुलीच्या बारशाआधी मीही ते चाळलं. ‘सावित्री’पुढे छापलं होतं, पतिव्रता. बस्स, एवढंच! ३ जानेवारीला आपण ज्या नावाला हार घालतो, त्याचा अर्थ पतिव्रता? मी वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश काढला. सवितृ म्हणजे सूर्य, चालना देणारा. त्याची ती सावित्री. गायत्री मंत्रालाही सावित्री म्हणतात, कारण तो सवित्यालाच उद्देशून आहे. नवऱ्याचे प्राण परत आणल्याची गोष्ट त्या नावाच्या एका बाईची. पुस्तकवाल्यानं त्या गोष्टीलाच अर्थ करून टाकलं.

तेव्हापासून मला खोडच लागली. ‘मायरा’पुढे लिहितात, संस्कृत, लाडकी. हे नाव फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीनं चारेक शतकांपूर्वी आपल्या कवितेतल्या स्त्रीसाठी वापरलं. ‘कियारा’ इटलीतलं, अर्थ उजळ. नावं गोड आहेत, खुशाल ठेवा. पण संस्कृतचा शिक्का मारल्याशिवाय नाव शुद्ध होत नाही, ही भानगड काय आहे?

आणि संस्कृत पंडितांचं तरी सगळं खरं मानायचं का? ‘दुहिता’ म्हणजे मुलगी. यास्कानं निरुक्तात तिची फोड तीन तऱ्हांनी केली: जिचं हित साधणं कठीण ती, दूर दिलेलीच बरी ती, नाहीतर दोहन करणारी ती. फारसीत दुख्तर, इंग्रजीत डॉटर, हे शब्द तिचेच भाऊबंद. म्हणजे शब्द संस्कृतहूनही जुना, आणि त्यातला ‘दु’ ‘दूर’मधून आलेला नाही. मुलगी दूर द्यायची हे मनात आधी होतं, मग ते शब्दात सापडलं!

आता मुख्य गोष्ट, आणि यात माझी चूक आहे.

२०११ च्या ऑक्टोबरमध्ये सातारा जिल्ह्यात अडीचशेहून जास्त ‘नकुसा’, ‘नकोशी’ मुलींना समारंभात नवी नावं दिली, हे तुम्हांला आठवत असेल. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे ८९४ मुली होत्या. २००१ मध्ये ९१३ होत्या. त्या वातावरणात आम्हीही वस्तीत अपमानकारक नावांची यादी करायला निघालो. एका मावशींचं नाव धोंडाबाई. मी लगेच लिहून घेतलं आणि वर सांगितलं, “मावशी, तुमचंही नाव बदलून घेऊ.” त्या अशा भडकल्या! “माझ्या आधीची तीन गेली. मी दगडासारखी टिकावी म्हणून आईनं ठेवलं. तू कोण बदलणार?”

दगडू, धोंडू, भिकू ही नावं मुलग्यांनाही याच भीतीनं ठेवत, हे मला ठाऊक होतं. पण हातात फॉर्म होता ना! ‘धोंडा’ शब्दाचा अर्थ मी जाणला, नावाचा अर्थ विचारलाच नाही.

उलटंही होतं. हरियाणाची कुस्तीगीर अंतिम पंघाल घ्या. २०२२ साली वीस वर्षांखालच्या गटात जगज्जेती झाली, असं यश मिळवणारी पहिली भारतीय मुलगी. कोशात अंतिम म्हणजे शेवटचा, त्यात शिवी नाही. पण घरच्यांना चौथ्या मुलीनंतर आणखी मुलगी नको होती, म्हणून ते नाव. नकुसा काय आणि अंतिम काय, मागणं एकच. कोशात बघून हे कधीच कळलं नसतं.

तेव्हा पुढच्या पाहणीसाठी माझी सूचना. फॉर्ममध्ये ‘नावाचा अर्थ’ असा रकाना आहे, तो राहू दे. त्याखाली आणखी तीन घाला: नाव कुणी ठेवलं, तेव्हा घरात काय चाललं होतं, आणि मुलीला स्वतःला नाव बदलायचंय का. जन्म नोंदवताना नाव नसलं तरी चालतं, ते पुढे घालता येतं, अशी सोय १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात आहे. म्हणून दाखल्यावरचं नाव आणि हाक मारायचं नाव ही दोन्ही विचारा. आणि आईला हे विचाराल तेव्हा सासू समोर नसेल एवढं बघा. मावशींचं नाव मी यादीतून खोडलंय; त्यांनी मला चहा मात्र अजून दिलेला नाही.