चाललं की पाय भरून येतात



आज सभेत पिकल्या केसांची मंडळी मोठ्या संख्येने आली आहेत आणि विषयही त्यांचाच आहे. चालायला लागलं की पोटऱ्या भरून येतात, मांड्यांना मुंग्या येतात, पाय उचलेनासे होतात आणि एखाद्या कट्ट्यावर दोन मिनिटं टेकलं की सगळं निवळतं, अशी तक्रार साठीच्या पुढे पुष्कळांना असते. ती वयाच्या नावावर खपवली जाते. नाहीतर एमआरआय काढून गोष्ट एकदम मणक्यात स्क्रू-रॉड घालण्यावर जाते. या दोन टोकांच्या मध्ये बरंच काही करण्यासारखं आहे, आणि तेच सांगायला मी आलो आहे.

आपल्याकडचंच उदाहरण घ्या. साठ-पासष्ट वर्षांची बाई दिवसभर वाकून खुरपते, तिला काही होत नाही. संध्याकाळी पाटी डोक्यावर घेऊन बांधाने घरी निघाली की शे-दोनशे पावलांत तिचे पाय धरतात. ती बांधावरच बसते, उठते, पुन्हा थोडं चालते, पुन्हा बसते. घरचे म्हणतात, दिवसभर काम केलं तेव्हा काही नव्हतं, आता चालायलाच कसं होईना? तिलाही वाटायला लागतं की हा आपल्याच मनाचा खेळ असावा. तसं मुळीच नाही. तिने सांगितलेली ही एवढी हकिगत निदानाच्या निम्म्या वाटेवर नेणारी आहे.

कमरेच्या पाच मणक्यांमागून हाडांची एक नळी जाते. मुख्य मज्जारज्जू साधारण पहिल्या-दुसऱ्या मणक्यापाशी संपतो. त्याखाली नळीत असतो तो नसांचा जुडगा, पायांकडे आणि लघवी-संडासच्या जागेकडे जाणारा. वय वाढतं तशी मणक्यांमधली गादी सुकून बाहेर फुगते, मागचे छोटे सांधे वाढतात, मणक्यांना बांधून ठेवणारा पिवळसर बंध जाड होतो. सगळीकडून जागा कमी होते, बहुतेकदा चौथ्या आणि पाचव्या मणक्याच्या मध्ये. माणूस ताठ उभा राहिला किंवा चालू लागला की तो जाड बंध आत दुमडतो आणि नळी आणखी आवळते. पुढे वाकलं की बंध ताणला जातो, नळी मोकळी होते, नसांना रक्त मिळतं. म्हणून खुरपताना बरं वाटतं, सायकलवर बरं वाटतं, बाजारात हातगाडीवर भार टाकून वाकून चालताना बरं वाटतं, आणि मोकळ्या हातांनी ताठ चाललं की पाय धरतात. नेदरलँड्समधले मेंदू-मणक्यांचे सर्जन हेंक व्हर्बीस्ट यांनी हा आजार १९५४ साली नीट मांडला. म्हणजे वैद्यकशास्त्राला याची स्पष्ट ओळख होऊन फार काळ झालेला नाही.

पण चालताना पाय दुखण्याची कारणं आणखीही आहेत. विडी, तंबाखू आणि साखरेचा आजार असलेल्या माणसाच्या पायाच्या रक्तवाहिन्याच अरुंद झालेल्या असू शकतात. त्याला बसावं लागत नाही, नुसतं उभं राहिलं तरी दुखणं थांबतं, आणि सायकल चालवतानाही पोटरी दुखते. रुग्णाच्या पावलावरची नाडी चाचपायला अर्धं मिनिट पुरतं. ती न चाचपता एमआरआय लिहून देणं मला पटत नाही. साखरेमुळे नसा बिघडल्या असतील तर तळव्यांची जळजळ रात्री अंथरुणातही होते. खुब्याचा सांधा झिजला असेल तर जांघेत दुखतं. आणि चालताना तोल जातो, सदऱ्याची बटणं लावता येत नाहीत, हातातून भांडं निसटतं, असं असेल तर कमर सोडून मान तपासायला हवी. तिथे खुद्द मज्जारज्जू दबलेला असू शकतो, आणि त्यात वाट पाहत बसून चालत नाही.

आता एमआरआयबद्दल. कंबरदुखी किंवा पायदुखी कधीच न झालेल्या ६७ माणसांचे एमआरआय काढून केलेला एक अभ्यास अमेरिकेत १९९० साली प्रसिद्ध झाला. त्यातल्या साठी ओलांडलेल्यांपैकी सुमारे पाचात एकाची नळी अरुंद दिसली, आणि त्या माणसांना त्रास काहीच नव्हता. म्हणून नुसत्या फिल्मवर कुणी ऑपरेशन ठरवू नये. ‘मणक्यात गॅप आलाय, ऑपरेशन केलं नाही तर लुळे पडाल’ हे वाक्य घेऊन माणसं रडवेली होऊन येतात तेव्हा मला फार वाईट वाटतं. कमरेच्या या आजारात अचानक लुळं पडणं अगदी विरळा. बऱ्याच जणांचा त्रास वर्षानुवर्षं तेवढाच राहतो, काहींचा कमीही होतो, काहींचा हळूहळू वाढतो. विचार करायला वेळ असतो.

अपवाद मात्र पाठ करून ठेवा. लघवी तुंबली किंवा नकळत होऊ लागली, संडासवरचा ताबा गेला, बसायची जागा बधिर झाली, किंवा पाऊल दिवसागणिक लुळं पडू लागलं, तर त्याच दिवशी सोलापूर किंवा पुणे गाठायचं. तिथे तास मोजायचे असतात, आणि घरगुती मालिश-शेक करत रात्र काढायची नाही.

बाकीच्यांनी सुरुवात व्यायामाने करावी. दुखेपर्यंत रेटून चालायचं नाही आणि भीतीने खाटही धरायची नाही. जेवढं जमतं तेवढं चालायचं, बसायचं, पुन्हा चालायचं. पाठीवर झोपून गुडघे छातीशी घेणं, पोटाचे आणि मांड्यांचे स्नायू बळकट करणं, सायकल, हे सगळं फिजिओथेरपिस्टकडून एकदा नीट शिकून घ्यावं. काठीची किंवा वॉकरची लाज वाटू देऊ नका. त्यावर किंचित वाकून चाललं की नळीला जागा मिळते. कमरेचा पट्टा प्रवासापुरता ठीक, वर्षभर बांधला तर स्नायू ढिले पडतात.

गोळ्यांबाबत माझं मत कडक आहे. दुखणं मारणाऱ्या गोळ्या मेडिकलमधून आणून महिनोन्‌महिने खाणारी मंडळी मी पाहतो. उतारवयात त्यांनी मूत्रपिंड बिघडतं, रक्तदाब वाढतो, पोटात व्रण होतो. नसांसाठी म्हणून दिल्या जाणाऱ्या प्रीगॅबालिन, गॅबापेन्टिन यांचा या आजारात खात्रीचा फायदा दिसलेला नाही. उलट त्यांनी चक्कर येते, आणि म्हातारपणी पडून खुबा मोडणं हे मूळ दुखण्यापेक्षा भयंकर.

मणक्यातलं इंजेक्शन आपल्याकडे बरंच दिलं जातं. २०१४ साली अमेरिकेत ४०० रुग्णांवर झालेल्या चाचणीत निम्म्यांना भूल आणि स्टेरॉइड दिलं, निम्म्यांना नुसती भूल. सहा आठवड्यांनी दोन्ही गट जवळजवळ सारखेच होते. शिवाय स्टेरॉइडने साखर वाढते. काही जणांना काही दिवस आराम पडतो हे खरं, पण दर दोन-तीन महिन्यांनी इंजेक्शन घेत राहणं मी सुचवत नाही.

मग ऑपरेशन कुणाचं? व्यायाम मनापासून काही महिने करूनही ज्याला घरापासून देवळापर्यंत जाता येत नाही, ज्याचं जगणं अंगणापुरतं उरलंय, आणि ज्याची तक्रार व फिल्म एकमेकांशी जुळतात, त्याचं. अशा रुग्णांमध्ये नळीवरचं हाड आणि जाड बंध काढून नसांना जागा केली जाते. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या मोठ्या अभ्यासात ऑपरेशन केलेल्यांना दोन वर्षांनी जास्त आराम होता. न केलेल्यांपैकीही अनेकजण काही प्रमाणात सुधारले होते. पुढे आठ वर्षांपर्यंतच्या पाहणीत, ज्यांचे उपचार चिठ्ठी टाकावी तसे ठरवले होते त्या गटात हा फरक ओसरत गेला. २०१५ सालच्या आणखी एका चाचणीत १६९ जणांपैकी काहींना ऑपरेशन, काहींना व्यायाम दिला. दोन वर्षांनी दोन्ही गट सारखेच निघाले, पण व्यायामाच्या गटातल्या निम्म्याहून अधिक जणांनी मध्येच ऑपरेशन करून घेतलं होतं. यावरून मी एवढंच घेतो की व्यायामाला आधी संधी द्यायला हरकत नाही, आणि नंतर ऑपरेशन केलं तर उशीर झाला असं सहसा होत नाही.

स्क्रू-रॉडबद्दल थोडं सविस्तर बोलतो, कारण घरं कर्जात जातात ती इथे. मणका पुढे सरकलेला असो वा नसो, स्क्रू घालून मणके जोडल्याने जास्त फायदा होतो का, हे स्वीडनमध्ये ५० ते ८० वयाच्या २४७ रुग्णांवर तपासलं गेलं. २०१६ साली निष्कर्ष आला: होत नाही. नॉर्वेत तर मणका सरकलेल्याच २६७ रुग्णांवर चाचणी झाली. २०२१ साली निष्कर्ष निघाला की नुसती नळी मोकळी केलेले रुग्ण स्क्रू घातलेल्यांपेक्षा मागे पडले नाहीत. स्क्रूने ऑपरेशनचा वेळ, रक्तस्राव आणि खर्च सगळंच वाढतं. मणका हालचालीत फार सरकत असेल, पाठ वाकडी झाली असेल, तर स्क्रू लागतात. पण ‘माझ्या बाबतीत ते का लागतात?’ हे सर्जनला विचारायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. चांगला सर्जन त्याने रागावत नाही. न पटल्यास दुसऱ्याचं मत घ्या.

ऐंशी वर्षं झाली म्हणून ऑपरेशन होत नाही, हेही खरं नाही. हृदय, फुप्फुस आणि साखर तपासून भूलतज्ज्ञ ठरवतात. धोके आहेत: नसांचं आवरण फाटणं, जंतुसंसर्ग, पायात रक्ताची गुठळी. बहुतेकांना दुसऱ्या दिवशी उभं करून चालवतात. पायाचं दुखणं जितकं जातं तितकी कंबरदुखी जात नाही, आणि जुना बधिरपणा वर्षभरही रेंगाळतो, कधी राहूनच जातो. हे ऑपरेशनच्या आधी सांगितलेलं असलं म्हणजे नंतर फसवल्यासारखं वाटत नाही.

खर्चाचं म्हणाल तर २०१२ साली राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना ज्या आठ जिल्ह्यांत आधी सुरू झाली त्यांत आपला सोलापूर जिल्हा होता. तीच आज महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना. ऑक्टोबर २०२४ पासून सत्तर वर्षांवरील सर्वांना, उत्पन्नाची अट न घालता, आयुष्मान योजनेत वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतच्या उपचारांचं संरक्षण आहे. रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला ऑपरेशनचं नाव सांगून ते योजनेत बसतं का, हे दाखल होण्याआधी विचारा.

योजनेचं कार्ड काढायला जाल तेव्हा घरातल्या आजीचंही काढा. पुरुषाचे पाय धरले की त्याला गाडीत घालून सोलापूरला नेतात. बाई मात्र बांधावर बसत बसत घरी येते आणि चूल पेटवते. तिला किती पावलांवर बसावं लागतं, हे तुम्हीच तिच्याबरोबर चालून मोजा आणि डॉक्टरांना सांगा, कारण ती स्वतःहून सांगायची नाही.