कावेरीचा वाटाड्या

कर्नाटकातील भीमेश्वरीच्या अरण्यात, बांबूच्या गोल हरिगोलू नावेत बसवून दूरदेशीच्या शौकिनांना महाशीर माशाच्या डोहापाशी नेणारा, नाचणीच्या उकडलेल्या पिठाचा गोळा गळाला लावून देणारा, आणि दोरीच्या कंपावरूनच मासा खडकाआड शिरला की प्रवाहात निघाला हे ओळखणारा कावेरीकाठचा वाटाड्या आता वार्धक्याकडे झुकला आहे. 1946 साली याच नदीच्या उपनदीत, कबिनीत, 120 पौंडांचा महाशीर गळाला लागला होता. पुढे मात्र मासा मोजून जिवंत सोडून देण्याचा दस्तूर पडला, आणि पूर्वी चोरून मासे मारणारे काही हातच नदीचे पहारेकरी झाले.

2012च्या सुमारास अभयारण्यातील या मासेमारीवर बंदी आली. वन्यजीवरक्षणाचा तो हेतू आदरणीय खरा. परंतु परवान्याबरोबर त्या माणसांची रोजी गेली आणि रोजीबरोबर नदीवरचा डोळाही गेला, हे मला मनापासून खुपते. कावेरीचा कुबडा महाशीर आज अतिसंकटग्रस्त गणला जातो. त्याला ‘टोर रेमादेवी’ हे शास्त्रीय नाव निश्चित झाले तेही 2018 साली. त्याचे डोह मात्र हा वृद्ध केव्हापासून जाणतो, आणि ते कोणत्याही दफ्तरात नोंदलेले नाहीत.