घर गेले, संसार राहिला



न बोलता विनोद कसा साधतो, हे पाहावयाचे तर बस्टर कीटनचा १९२० सालचा ‘वन वीक’ हा छोटा मूकपट घ्यावा. नवविवाहित जोडप्याला सुट्या भागांचे घर आहेर म्हणून मिळते. एक मत्सरी प्रतिस्पर्धी खोक्यांवरील आकडे बदलतो आणि घर वेडेवाकडे उभे राहते. पुढे कळते, की जागाच चुकली! ओढून नेताना ते रुळांवर अडकते. आगगाडी येते. दोघे डोळे झाकून घेतात. गाडी शेजारच्या रुळांवरून निघून जाते. आपण सुटकेचा श्वास टाकतो, तोच उलट दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते.

येथे फसतो तो आपला डोळा. दुरून येणारी गाडी कोणत्या रुळांवर आहे, हे त्याला उमगत नाही. ही झाली युक्ती. परंतु हसून झाल्यावर गोडवा उरतो, त्याचे कारण निराळे आहे. कीटन रडत नाही, चिडत नाही. ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ अशी पाटी लावतो, घर जोडण्याच्या सूचनाही तेथेच ठेवतो आणि पत्नीचा हात धरून चालू लागतो. घर गेले, संसार शाबूत राहिला. हे सांगावयास त्याला तोंड उघडावे लागले नाही.