तपासाचे हात बदलतात तेव्हा

२७ मार्च १९९२ रोजी सकाळी केरळातील कोट्टायम येथे एका मठाच्या विहिरीत एका तरुण ख्रिस्ती जोगिणीचा मृतदेह सापडला. स्वयंपाकघरात तिची एक चप्पल आणि पाण्याची बाटली पडलेली होती. प्रथम स्थानिक पोलिसांनी व नंतर राज्याच्या गुन्हे शाखेने ही आत्महत्या असल्याचे ठरविले. पुष्कळांना ते पटले नाही. लोकांनी आवाज उठविला आणि १९९३ मध्ये तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे, म्हणजे सर्वजण ज्याला सी. बी. आय. म्हणतात त्या यंत्रणेकडे, गेला. त्यानंतरही निकाल लागावयास सत्तावीस वर्षे जावी लागली.

संशयास्पद मृत्यूमध्ये ज्याला सर्वांत अधिक ठाऊक असते, तोच बोलू शकत नाही. त्याच्या वतीने प्रथम बोलतो तो पोलिसांचा पंचनामा. ठाण्यात आकस्मिक मृत्यूची नोंद होते, पंच बोलावले जातात, देह कोठे व कसा होता हे लिहून घेतले जाते आणि शवविच्छेदन होते. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १७४ व्या कलमानुसार होत असे. १ जुलै २०२४ पासून ते भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १९४ व्या कलमानुसार होते. कलमाचा आकडा बदलला, परंतु त्या पहिल्या कागदाचे मोल बदललेले नाही. आणि तो लिहिणाऱ्यावरच आप्तांचा विश्वास नसेल, तर त्यांनी जावे कोणाकडे?

आपल्या राज्यघटनेने पोलीस हा विषय राज्यांकडे सोपविला आहे. केंद्रीय अन्वेषण विभागाची स्थापना १ एप्रिल १९६३ रोजी झाली; त्याचे अधिकार मात्र १९४६ च्या दिल्ली विशेष पोलीस आस्थापना कायद्यातून येतात. त्या कायद्यानुसार राज्याच्या संमतीवाचून विभागाला त्या राज्यात तपास करता येत नाही. मग राज्यानेच संमती नाकारली तर? पश्चिम बंगालमधील गरबेटा येथे २००१ च्या जानेवारीत राजकीय कार्यकर्त्यांच्या हत्येची तक्रार झाली. कलकत्ता उच्च न्यायालयाने तो तपास केंद्रीय विभागाकडे दिला, आणि राज्य शासनाने त्याला हरकत घेतली. अखेर १७ फेब्रुवारी २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निर्णय दिला की, नागरिकांच्या मूलभूत हक्कांच्या रक्षणासाठी सर्वोच्च व उच्च न्यायालये राज्याच्या संमतीवाचूनही असा आदेश देऊ शकतात. मात्र हा अधिकार क्वचित, जपून आणि अपवादात्मक प्रसंगीच वापरावा. कोणी स्थानिक पोलिसांविरुद्ध आरोप केले, एवढ्यावरून तो वापरावयाचा नाही. नाहीतर त्या विभागावर प्रकरणांचा इतका भार पडेल की, गंभीर गुन्ह्यांचाही नीट तपास त्याच्या हातून होणार नाही.

येथे एक गैरसमज दूर व्हावयास हवा. तपास काढून घेतला म्हणजे पोलीस खोटे ठरले, असा अर्थ पुष्कळदा लावला जातो. वस्तुस्थिती तशी नाही. २००७ च्या सप्टेंबरात कोलकात्यात एका तरुणाचा मृतदेह रेल्वेमार्गावर सापडला. त्याच्या विवाहात पोलीस अधिकाऱ्यांनी ढवळाढवळ केल्याचा आरोप होता. म्हणून उच्च न्यायालयाने तपास केंद्रीय विभागाकडे दिला. विभागानेही ती आत्महत्याच असल्याचे म्हटले. परंतु आत्महत्येस प्रवृत्त केल्याचे दोषारोपपत्रही दाखल केले. ऑगस्ट २०२४ मध्ये त्याच शहरातील एका सरकारी रुग्णालयात एका तरुण डॉक्टरचा बळी गेला. प्रथम नोंद अनैसर्गिक मृत्यूची झाली, यावर उच्च न्यायालयाने बोट ठेवले आणि चार दिवसांतच तपास केंद्रीय विभागाकडे सोपविला. तथापि २०२५ च्या जानेवारीत ज्याला जन्मठेप झाली, त्याला अटक केली होती ती कोलकाता पोलिसांनीच. न्यायालयाने आदेश दिला, तो कोणास दोषी ठरविण्यासाठी नव्हे. ज्या तपासावर सर्वांचा विश्वास बसावा, असा तपास व्हावा एवढाच त्याचा हेतू.

आणि नव्या हातांनाही सर्व काही साधतेच असे नाही, हे कोट्टायमच्या प्रकरणाने दाखविले. प्रकरण बंद करण्याची परवानगी केंद्रीय विभागाने एकदा नव्हे, अनेकदा मागितली. न्यायालयाने ती प्रत्येक वेळी नाकारली. २००८ मध्ये उच्च न्यायालयाने विभागाच्या कोची येथील पथकाकडे तपास दिला, तेव्हा कोठे अटका झाल्या. २०२० च्या डिसेंबरात विशेष न्यायालयाने एक धर्मगुरू आणि एक जोगीण यांना खुनाबद्दल जन्मठेप दिली. २०२२ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने अपील प्रलंबित असता ती शिक्षा स्थगित करून दोघांना जामीन दिला. निकालाची वाट पाहता पाहता त्या मुलीचे आईवडील मात्र निकालाच्या चार वर्षे आधीच, २०१६ मध्ये, निवर्तले होते.

न्यायालयाला तपासाचे हात बदलता येतात. गेलेली वेळ परत आणता येत नाही. धुतली गेलेली फरशी, हरवलेले कपडे, दिवसेंदिवस पुसट होत जाणारी साक्षीदारांची स्मृती, यांच्यापुढे दिल्लीहून आलेला अधिकारीही हतबल होतो. म्हणूनच स्वतंत्र यंत्रणा हा शेवटचा उपाय आहे, पहिला नव्हे. पहिला उपाय आपल्या गावच्या ठाण्यातच असावयास हवा. तेथील अंमलदाराने त्या पहिल्या तासात कोणाचीही भीड न धरता जे दिसले ते लिहून ठेवले, तर वर्षानुवर्षे न्यायालयांच्या पायऱ्या चढण्याची वेळ कोणा आईबापांवर येणार नाही.