बादलीऐवजी डबा
(श्रावणात सोसायटीच्या हॉलमध्ये केलेल्या भाषणाचा मजकूर)



आपल्या दोन्ही विंगमध्ये मिळून मासे पाळणारी अकरा घरं आहेत. गेल्या पावसाळ्यात आपल्याकडे दोघांना डेंग्यू झाला आणि कमिटीच्या बैठकीत "माशांच्या टाक्याच बंद करा" असा सूर निघाला. मुलं रडकुंडीला आली. म्हणून आज मी उभा आहे.

ज्या टाकीत गप्पी किंवा फायटर आहेत, तिथे डास वाढत नाहीत. मासे अळ्या फस्त करतात. हिवताप विभाग विहिरीत, हौदात गप्पी सोडतो तो उगाच नाही. धोका आहे तो टाकीशेजारच्या बादलीचा. माशांना जिवंत खाणं हवं, म्हणून काहीजण गच्चीवर पाणी साठवून त्यात मुद्दाम अळ्या होऊ देतात आणि रोज गाळणीनं काढतात. मग गणपतीला गावी गेलं की बादली तशीच राहते. अंड्यापासून उडता डास व्हायला आठ-दहा दिवस पुरतात. एडिस डासाची अंडी तर बादलीच्या कडेला चिकटून, पाण्याशिवायही महिनोन् महिने टिकतात. त्यामुळे बादली नुसती उपडी करून भागत नाही, घासावी लागते.

हिला पर्याय आहे स्प्रिंगटेल. नाव इंग्रजी, पण प्राणी आपल्या वाडीतलाच. भिजलेलं सोडण उलटा, कुजकी झावळी उचला, मोहरीहून बारीक पांढुरके-राखाडी ठिपके टणाटण उडताना दिसतील. पाय सहा असले तरी हल्ली शास्त्रज्ञ त्यांना कीटकांत धरत नाहीत. पंख नाहीत, चावणं नाही. पोटाखाली दुमडलेला एक काटा असतो, तो खटका सुटल्यासारखा खाली आपटतो आणि स्वारी हवेत! स्कॉटलंडमधल्या खडकात यांचे सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीचे अवशेष मिळाले आहेत, म्हणजे डायनासोर यांच्यापुढे कालची पोरं. बुरशी आणि कुजका पाला हे त्यांचं जेवण. श्वास कातडीतून घेतात, म्हणून ओल हवीच. जी हवा आपल्या चपलांना बुरशी आणते, ती त्यांना अगदी मानवते.

आता कृती. घट्ट झाकणाचा प्लॅस्टिकचा डबा घ्या. त्यात लाकडी कोळशाचे सुपारीएवढे तुकडे धुऊन भरा. झटकन पेटणारा, औषध लावलेला कोळसा नको. तळाशी बोटभर पाणी, कोळशाचे माथे वर राहिले पाहिजेत. कोळशाचा एक ओला तुकडा रात्रभर वाडीतल्या पाचोळ्यात ठेवा आणि सकाळी डब्यात झटका. दोन-चार दिवस असं केलं की बियाणं पुरेसं होतं. खायला तांदळाचे चार-पाच कच्चे दाणे. त्यांवर बुरशी धरली की वहिनी, फेकू नका, ती त्यांच्यासाठीच आहे! जास्त दाणे टाकलेत तर मात्र डबा घाण मारतो. दर दोन-तीन दिवसांनी मिनिटभर झाकण उघडून हवा द्या आणि लगेच लावा, उघड्या पाण्यावर डास यायला वेळ लागत नाही. मुंग्यांसाठी डबा पाण्याच्या ताटलीत ठेवायची आपली जुनी युक्ती इथे नको, त्याच पाण्यात अळ्या होतील. फडताळात, साखरेपासून लांब ठेवा.

महिना-दीड महिना धीर धरा. मग डब्यात थोडं पाणी ओता. यांचं अंग भिजत नाही, ते वर तरंगतात. वरचं पाणी टाकीत ओतलं की फायटर पृष्ठभागावर येऊन एकेक टिपतो, बघत बसावं असं. फायटरच्या नुकत्या जन्मलेल्या पिल्लांच्या तोंडात हे मावत नाहीत, ती थोडी मोठी होऊ द्या. आणि रोजचं कोरडं खाणं बंद करू नका, हा वरचा खाऊ आहे.

मी सहा डबे भरून आणलेत, तिकडे चहाच्या टेबलाखाली आहेत. ज्यांना हवा त्यांनी न्यावा. मात्र त्याआधी गच्चीवरची आपली बादली खाली आणून मला दाखवायची.