पिंजऱ्यातील ऊब

भिलाई म्हटले की डोळ्यांसमोर येते ती वितळलेल्या लोखंडाची धगधगती धार. १९५५ च्या भारत–सोविएत करारातून येथे पोलादाचा कारखाना उभा राहिला आणि १९५९ मध्ये त्याची पहिली झोतभट्टी पेटली. तेव्हापासून प्रचंड उष्णता मोजणे व आवरणे हा या नगराचा नित्याचा व्यवसाय झाला. याच कारखान्याने १९७२ मध्ये मैत्रीबाग उभारून वन्य प्राण्यांच्या संगोपनाचाही भार उचलला. परंतु उष्णता आवरण्याचा प्रश्न भट्टीपुरता किंवा प्राणिसंग्रहालयापुरता नाही. परसात, एखाद्या खोक्यात, कोंबडीची चार पिल्ले वाढविणाऱ्यालाही तो सोडवावा लागतो. आणि तेथे थोड्या अंशांची चूकही जिवावर बेतते.

लहान जीवाच्या शरीराचा पृष्ठभाग त्याच्या वजनाच्या मानाने मोठा असतो. त्यामुळे तो लवकर निवतो आणि लवकर तापतो. नुकत्याच जन्मलेल्या पिल्लाभोवती पहिल्या आठवड्यात सुमारे ३५ अंश सेल्सिअस ऊब लागते. पुढे ती आठवड्याला सुमारे ३ अंशांनी उतरवीत न्यावयाची असते. हे काम थर्मोस्टॅट करतो.

या साधनाचा उगमही अशाच गरजेतून झाला. सतराव्या शतकाच्या आरंभी कॉर्नेलिस ड्रेबेल या डच संशोधकाने अंडी उबविण्यासाठी आपोआप उष्णता राखणारी भट्टी बनविली. १८३० मध्ये अँड्र्यू युअर यांनी दोन धातूंच्या जोडपट्टीचा नियंत्रक सिद्ध केला. उष्णतेने एक धातू अधिक प्रसरण पावतो, पट्टी वाकते आणि वीजप्रवाह तुटतो. निवाल्यावर ती सरळ होऊन दिवा पुन्हा लागतो.

मात्र या सेवकाच्या मर्यादा ओळखल्या पाहिजेत. तो जेथे बसविला असेल तेथलीच उष्णता त्यास कळते. म्हणून तो दिव्याला चिकटवून किंवा छताशी न लावता पिल्लांच्या उंचीवर असावा. त्याचे टोक चिकटून बसले तर दिवा विझतच नाही. यासाठी पेटीत वेगळा तापमापक हवाच. शिवाय एक टोक उबदार व दुसरे थंड ठेवावे, म्हणजे प्राण्याला स्वतःची जागा निवडता येते.

सर्वांत मोठी मर्यादा भिलाईच्या मे महिन्यात दिसते. पारा ४२ अंशांच्या वर चढतो, तेव्हा थर्मोस्टॅट दिवा विझवितो आणि तेथेच त्याचे कर्तव्य संपते. दिव्यावर चालणारा नियंत्रक ऊब थांबवू शकतो, गारवा निर्माण करू शकत नाही. सावली, खेळती हवा, ओले गोणपाट आणि पिण्याचे पाणी यांची तजवीज माणसालाच करावी लागते.

पिल्ले दिव्याखाली दाटीने बसली तर त्यांना थंडी वाजत आहे. चोची उघडून, धापा टाकीत कडेला पांगली तर उकाडा असह्य झाला आहे. यंत्रावर भरवसा ठेवावा. परंतु दिवसातून चार वेळा पेटीत डोकवावेही. बंदिस्त जीवाला उन्हातून उठून सावलीत जाता येत नाही, आणि म्हणूनच त्याच्या सुखाची जबाबदारी त्याला कोंडणाऱ्यावर येते.